सामुराईला पळवू नका

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत जपानी मूकपटांवरचा लेख वाचला. सांगली-मिरजेच्या वाचकांपुढे त्सुमासाबुरो बांदो या नटाचं नाव येणं हीच दुर्मीळ गोष्ट, त्यामुळे आधी लेखकाचे आभार. पण लेखातली दोन विधानं खटकली. एक, ‘ओरोची’ (१९२५) हा सामुराईच्या इभ्रतीचे गोडवे गाणारा चित्रपट आहे. दुसरं, तेव्हाची यंत्रं मागासलेली होती म्हणून त्या काळची माणसं पडद्यावर तुरुतुरु पळताना दिसतात. दोन्ही चूक आहेत, आणि पहिली चूक बहुधा दुसरीच्याच पोटी जन्मलेली असावी. चुकीच्या वेगानं आणि पडद्याशेजारी बसून कथा सांगणारा माणूस नसताना हा चित्रपट पाहिला, तर हाती फक्त तलवारींचा खणखणाट उरतो. तोही ऐकू न येणारा.

आधी कथा पाहू. हेइझाबुरो (ही भूमिका बांदोची) हा खालच्या दर्जाचा तरुण सामुराई एका विद्वान गुरूंकडे शिकतो आहे. गुरूंच्या वाढदिवसाच्या मेजवानीत वरच्या घराण्यातल्या एका तरुणाशी त्याची जुंपते. दोष ज्याचा तो सुटतो, ठपका हेइझाबुरोवर येतो. पुढे गुरुकन्या नामिएबद्दल कोणी वावगं बोलतं, हा तिच्या बाजूनं भांडतो, आणि खरं काय ते ऐकून न घेता गुरू त्याला दाराबाहेर काढतात. तिथून तो रोनिन होतो, म्हणजे धनी नसलेला सामुराई. गाव बदलतं तशी बदनामी त्याच्या आधीच पोचलेली असते. शेवटी आसरा मिळतो तो जिरोझो नावाच्या माणसाकडे. गावात त्याची ख्याती गोरगरिबांचा कैवारी अशी, आतून मात्र तो पुरता नासलेला. त्याच्याच घरात आजारी नवऱ्यासह नामिए येऊन अडकते. आता हेइझाबुरोपुढे पेच असा की ज्यानं आसरा दिला त्याच्या मिठाला जागायचं, की जिचं कुटुंब आपल्याला विसरलं तिला वाचवायचं? तो जिरोझोला मारतो, मग अंगावर चालून आलेल्या शिपायांच्या झुंडीशी थकून जाईपर्यंत लढतो आणि पकडला जातो. दोरखंडांत बांधून नेताना रस्त्यावरची गर्दी त्याला शिव्या घालते. खरं काय घडलं हे जाणणारी त्या गर्दीत फक्त दोनच माणसं आहेत, नामिए आणि तिचा नवरा.

यात गौरव कुठे आला? त्यानं कर्तव्य केलं आणि इभ्रत गमावली. ज्यांनी कर्तव्य सोडलं त्यांची इभ्रत शाबूत राहिली. चित्रपटाच्या सुरुवातीलाच पाटी येते, तिचा आशय असा: बदमाश म्हणून हिणवले जाणारे सगळेच बदमाश नसतात आणि सज्जन म्हणून मिरवणारे सगळेच सज्जन नसतात. मूळ नाव ‘बुराइकान’ ठरलं होतं, म्हणजे गुंड, बेबंद माणूस. सेन्सॉरला ते चाललं नाही, म्हणून ‘ओरोची’ झालं. ओरोची म्हणजे अजस्र सर्प. चित्रपटात साप एकही नाही. पटकथा रोकुहेई सुसुकिता यांची, दिग्दर्शन बुंतारो फुतागावा यांचं, आणि बांदो यांनी तेव्हा नुकत्याच काढलेल्या स्वतःच्या संस्थेची ही निर्मिती. १ सप्टेंबर १९२३ च्या भूकंपानं टोकियोतले स्टुडिओ मोडून पडले आणि तलवारपटांचं बस्तान पुरतं क्योतोत बसलं, त्यानंतरचा हा काळ.

त्याच १९२५ साली इथून पन्नास किलोमीटरवर कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी ‘सावकारी पाश’ काढला. त्यातला शेतकरीही कायद्याच्या चौकटीत राहूनच लुबाडला जातो. तिकडे दर्जाच्या पायऱ्या, इकडे सावकाराची वही. दोन्ही ठिकाणी देवादिकांना आणि शूरवीरांना बाजूला सारून गांजलेला माणूस मधोमध उभा केला गेला, हा योगायोग आपल्या भागातल्या वाचकाला सांगण्याजोगा होता. फरक इतकाच की ‘ओरोची’ आज जवळजवळ अखंड पाहता येतो, आपला मूकपट आपण गमावून बसलो.

आता वेगाचा मुद्दा. हा नीट उलगडून सांगावा लागेल, कारण कॉलेजांतून आणि फिल्म सोसायट्यांतून मूकपट दाखवताना नव्वद टक्के घोळ इथेच होतो.

त्या वेळचा कॅमेरा हातानं फिरवायचा. हँडलच्या एका फेऱ्यात आठ चौकटी (फ्रेम), सेकंदाला दोन फेरे, म्हणजे सोळा चौकटी. १९२० च्या दशकाच्या मध्यापर्यंत ही चाल अठरा-वीसच्या घरात गेली. पुढे बोलपट आला. फिल्मच्या कडेला छापलेला आवाज एकसारख्या वेगानंच वाचावा लागतो, नाहीतर सूर वरखाली होतो. म्हणून सेकंदाला चोवीस हा आकडा कायम झाला. नंतर जुने मूकपट याच चोवीसच्या यंत्रावर चढवले गेले. पस्तीस मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात सोळा चौकटी बसतात, तेव्हा हजार फुटांचं रीळ म्हणजे सोळा हजार चौकटी. सोळाच्या चालीनं ते १६ मिनिटं ४० सेकंद चालतं, अठराच्या चालीनं १४ मिनिटं ४९ सेकंद, विसाच्या चालीनं १३ मिनिटं २० सेकंद, आणि चोवीसच्या चालीनं ११ मिनिटं ७ सेकंद. ‘ओरोची’चा कालावधी कुठे सव्वा तास छापलेला दिसतो, कुठे पावणेदोन तासांच्या जवळपास. असा मोठा फरक दिसला की चित्रपटाला कात्री लागली असं धरून चालण्याआधी चालीचा हिशेब करून पाहावा.

कोणी म्हणेल, सोळाच्या चालीनं चित्र लुकलुकणार नाही का? मूकपटाच्या प्रोजेक्टरवर तीन पात्यांचं झडप-चाक असायचं, त्यामुळे एका चौकटीला तीन वेळा उजेड पडे. सोळा गुणिले तीन, अठ्ठेचाळीस. बोलपटाच्या प्रोजेक्टरला दोनच पाती, चोवीस गुणिले दोन, पुन्हा अठ्ठेचाळीस. डोळ्याला दोन्ही सारखंच. मूकपट दोन पात्यांच्या यंत्रावर हळू चालवला की बत्तीसच झबके पडतात आणि चित्र डोळ्यांना टोचतं. म्हणून ऑपरेटर वेग वाढवायचा आणि माणसं पळायला लागायची. यंत्रं मागासलेली नव्हती, एका जातीच्या यंत्राचा माल दुसऱ्या जातीच्या यंत्रावर चालवला गेला.

या घाईत नुकसान नेमकं कशाचं होतं? नमस्काराचं. गुडघे टेकून बसायचं, दोन्ही तळवे चटईवर ठेवायचे, कमरेतून वाकायचं, कपाळ खाली नेऊन क्षणभर तसंच राहायचं, मग सावकाश वर यायचं. गुरूंसमोर हेइझाबुरो किती वेळ खाली राहतो आणि वर येताना नजर उचलतो की नाही, यातच त्याचं सगळं ओझं आहे. हीच हालचाल चोवीसच्या वेगानं पाहिली की दाणे टिपणारी कोंबडी आठवते आणि सभागृहात हशा पिकतो. तो हशा एकदा पिकला की पुढचा तासभर परत आणता येत नाही.

तेव्हा खेळाच्या आधी फाइल तपासावी. व्हीएलसी प्लेअरमध्ये एखाद्या चालत्या माणसाचं दृश्य थांबवून कीबोर्डवरची ‘ई’ कळ दाबत एकेक चौकट पुढे सरकवावी. दर चार चौकटींमागे एक जुळी (आधीचीच पुन्हा आलेली) निघाली, तर कोणीतरी आधीच अठराची चाल चोवीसमध्ये बसवली आहे. तीनमागे एक जुळी म्हणजे सोळाची, सहामागे एक म्हणजे विसाची. अशा फाइलला हात लावू नये. जुळी चौकट सापडलीच नाही आणि फाइल चोवीसची असेल, तर प्लेबॅकच्या मेनूतून वेग ०.७५ करावा, म्हणजे अठरा; ०.८३ म्हणजे वीस. विसाची चाल साठ हर्ट्‌झच्या प्रोजेक्टरवर जास्त गुळगुळीत दिसते, कारण प्रत्येक चौकट बरोबर तीनदा दाखवली जाते. अठराला हा भागाकार पूर्ण बसत नाही आणि कॅमेरा आडवा सरकताना चित्र किंचित अडखळतं. कोणती चाल खरी हे कळायला ओतलं जाणारं पाणी, चिलमीचा धूर आणि वाऱ्यावरचं कापड पाहावं. नट घाई करू शकतो, पाणी करत नाही.

एक खोच मात्र लक्षात ठेवावी. झुंजीची दृश्यं मुद्दाम हळू हँडल फिरवून घेतलेली असायची, म्हणजे पडद्यावर ती चपळ दिसावीत. त्यामुळे बैठकीचं दृश्य नैसर्गिक वाटेल अशा चालीवर झुंज थोडी वेगवानच दिसणार, आणि तशीच दिसायला हवी. झुंज ‘नैसर्गिक’ करायला जाल तर बाकीचा चित्रपट झोपेल. चाल बैठकीच्या दृश्यांवर ठरवावी, झुंजीवर नव्हे. आणि एकदा ठरली की मध्येच बदलू नये.

चित्राच्या आकाराचंही असंच. मूकपटाची चौकट चारास तीन. आजचे प्रोजेक्टर सोळास नऊ, आणि त्यांच्या मेनूत चित्र ताणून पडदा भरण्याची सोय असते. ती बंद करावी. बारा फूट रुंद पडद्यावर उंची पावणेसात फूट मिळते, तेव्हा चित्र नऊ फूट रुंद पडेल आणि दोन्ही बाजूंना दीड-दीड फूट काळं राहील. संयोजकांना ते काळं ‘वाया गेल्यासारखं’ वाटतं. वाटू द्यावं. ताणलेल्या चित्रात तलवार आडवी धरली की लांब आणि उभी धरली की आखूड होते. काही प्रतींमध्ये नंतर आवाजाची पट्टी छापताना चित्राची डावी कड खाल्ली गेलेली असते. जपानी पाट्या उभ्या लिहितात आणि उजवीकडून डावीकडे वाचतात, म्हणजे वाक्याचा शेवट डावीकडे. कड कापली की वाक्याचा शेवटच जातो. पाट्यांचं भाषांतर करून घेताना भाषांतरकाराला हे आधी सांगावं, नाहीतर तो अर्धवट वाक्यातून भलताच अर्थ काढतो.

आता बोलणाऱ्या माणसाकडे वळू, कारण लेखात त्याचा उल्लेखच नाही. जपानमध्ये मूकपट कधीच मुका नव्हता. पडद्याच्या बाजूला, लहानशा दिव्याच्या उजेडात बेन्शी बसायचा आणि कथा सांगायचा, पात्रांचे संवाद बोलायचा, पाट्या वाचायचा. १९२० च्या दशकात त्यांची संख्या हजारांत होती, स्त्रियाही होत्या, आणि टोकियोत १९१७ पासून पोलिसांचा परवाना लागायचा. लोक बेन्शीचं नाव पाहून तिकीट काढायचे. तोकुगावा मुसेई हा त्यातला नावाजलेला, आणि तो नावाजला गेला तो कमी बोलण्यासाठी. बोलपट आल्यावर धंदा बसला, संप झाले. अकिरा कुरोसावांचे थोरले भाऊ हेइगो हे बेन्शी होते. १९३३ मध्ये त्यांनी जीवन संपवलं. पुढे मात्सुदा शुन्सुई या बेन्शींनी जुनी रिळं जमवून जपली आणि त्यांच्या शिष्या सावातो मिदोरी यांनी ही कला आमच्या पिढीपर्यंत आणली.

हे सगळं आपल्याला परकं वाटायचं कारण नाही, निदान सांगलीकराला तरी नाही. १८४३ मध्ये विष्णुदास भाव्यांनी इथे ‘सीतास्वयंवर’ केलं, त्यात कथेची सगळी पदं सूत्रधारच म्हणत होता आणि पात्रं समोर वावरत, आयत्या वेळी सुचेल तसं बोलत होती. एक जण सांगतो आणि बाकीचे करून दाखवतात, ही बेन्शीचीच रचना. पिंगुळीचे चित्रकथी चित्राच्या पोथ्या उघडून हेच करतात. जपानमध्ये सुरुवातीच्या काळात बेन्शी चित्रपटाआधी प्रास्ताविक करायचा, तो आपल्या कीर्तनातला पूर्वरंगच. तेव्हा आमची सूचना अशी: शहरात मूक तलवारपट दाखवायचा झाला तर इंग्रजी उपशीर्षकं आणि फाइलसोबत आलेलं संगीत बंद करावं, आणि मराठी निवेदक बसवावा. कायद्याची अडचण नाही. आपल्याकडे चित्रपटाचा हक्क प्रदर्शनानंतर साठ वर्षं टिकतो, १९२५ च्या चित्रपटाचा तो कधीच संपला. हक्क शिल्लक असतो तो नव्यानं मुद्रित केलेल्या संगीताचा आणि निवेदनाचा, आणि तेच आपण बंद करणार आहोत.

निवेदक कोण असावा? कीर्तनकार चालेल, आकाशवाणीवर श्रुतिका केलेला नट उत्तम. कुस्तीच्या मैदानातला निवेदक नको. त्या मंडळींची वाणी फर्डी असते यात वाद नाही, पण ती दिसतं तेच सांगायची वाणी आहे, कारण मागच्या रांगेतल्या माणसाला मैदानात काय चाललंय ते दिसत नसतं. इथे सगळ्यांना सगळं दिसतं आहे. ‘आता तो तलवार उपसतो’ हे वाक्य मूकपटाच्या निवेदनात फुकट जातं. तलवार उपसण्याआधी तो का थांबला, हे सांगायचं असतं.

नव्वद मिनिटांच्या चित्रपटाला साडेचार-पाच हजार शब्दांची संहिता पुरे. मराठीत मोकळ्या चालीनं मिनिटाला शंभर-एकशेदहा शब्द होतात, म्हणजे निम्मा वेळ बोलणं आणि निम्मा वेळ गप्प. पहिल्या खेपेला सगळेच जण आठ-नऊ हजार शब्द लिहितात आणि तालमीत धापा टाकतात. संहितेच्या डाव्या बाजूला दृश्याची खूण लिहावी (‘कंदील विझतो’, ‘नामिए दारात’), उजव्या बाजूला वाक्य. घड्याळाच्या वेळा लिहू नयेत, चाल बदलली की त्या सगळ्या चुकतात. वाक्य दृश्य बदलायच्या सेकंदभर आधी संपलं पाहिजे. ते पुढच्या दृश्यात सांडलं तर जिरोझोच्या चेहऱ्यावर नामिएचे शब्द पडतात. पाटी पडद्यावर आल्यावर एक श्वास घेऊन वाचायला सुरुवात करावी. प्रेक्षकांना ती दिसण्याआधीच वाचली तर निवेदक पाठांतर म्हणतो आहे असं वाटतं. कागद एका बाजूला छापलेले, टाचण्या न मारलेले, अक्षर अठरा पॉइंटचं. पानं उलटायची नाहीत, बाजूला सरकवायची. माइक पानाची सळसळ हमखास पकडतो. दिवा पिवळा, झाकलेला आणि पडद्याकडे पाठ केलेला. तालमी किमान तीन: एक नुसतं बघत, एक संहितेसह, एक वादकांसह त्याच सभागृहात. तिसरी तालीम टाळली जाते आणि मग ऐन खेळात कळतं की मागच्या भिंतीवरून आवाज परत येतो आणि निवेदकाचं प्रत्येक वाक्य दोनदा ऐकू येतं. त्यावर उपाय सोपा आहे: आवाज कमी, बोलणं सावकाश, आणि मागच्या भिंतीला जाड सतरंज्या.

सगळ्यात अवघड काम शब्दांचं आहे. या चित्रपटांचा गाभा दोन शब्दांत सांगतात: ‘गिरी’ आणि ‘निंजो’. गिरीला सरसकट ‘कर्तव्य’ म्हणून टाकलं की शाळेच्या फळ्यावरचा सुविचार होतो. गिरी म्हणजे कोणीतरी आपल्यासाठी केलं आहे आणि ते फेडायचं आहे, फेडताना मन काय म्हणतं याला किंमत नाही. ‘मिठाला जागणं’ हे याच्या फार जवळ जातं, कारण त्यात मीठ कोणाचं हा प्रश्न आधीच आलेला असतो. हेइझाबुरोनं जिरोझोचं अन्न खाल्लं आहे. निवेदकानं तिथे ‘कर्तव्य’ म्हटलं तर पेच दिसत नाही, ‘याचं मीठ खाल्लंय’ म्हटलं की सभागृहातल्या प्रत्येकाला कळतं. निंजोला ‘मानवी भावना’ म्हणू नये, ‘माया’ किंवा ‘जीव ओढला जाणं’ म्हणावं. इभ्रत, अब्रू आणि मान हे तीन शब्दही सारखे नाहीत. वरच्या घराण्यातल्या त्या तरुणाला मान आहे. हेइझाबुरोला मान कधीच नव्हता, त्याला अब्रू होती आणि तीच जाते. गुरूंना ‘सेन्सेई’ न म्हणता ‘गुरुजी’ म्हणावं. नामिएशी बोलताना त्यानं ‘तू’ म्हणू नये, ती गुरुकन्या आहे. तिच्यावर जीव असूनही तो तिला ‘आपण’च म्हणतो, यातच निम्मी प्रेमकथा आली. आणि शिपायांची आरोळी ‘गोयो! गोयो!’ भाषांतर न करता तशीच ठेवावी. अर्थ ‘सरकारी काम’ एवढाच. हीच दोन अक्षरं शिपायांच्या कंदिलांवर लिहिलेली असतात, पूर्वरंगात एकदा सांगितलं की पुढे कंदील दिसताच प्रेक्षक स्वतःच समजतात.

‘ढाल-तलवार’ हा जोडशब्द मात्र निवेदकाच्या तोंडून सवयीनं निसटतो, तो आवरावा. त्यांच्याकडे ढाल नाही. आपला धोप एका हातात, ढाल दुसऱ्या हातात. कताना, म्हणजे सामुराईची तलवार, मात्र लढताना दोन्ही हातांनी धरतात, त्यामुळे बचाव तलवारीनंच किंवा पावलांनी करायचा. ती कमरेच्या पट्ट्यात डाव्या बाजूला, धार वर करून खोचलेली असते. डाव्या हाताचा अंगठा मुठीखालच्या चकतीला हलकेच पुढे ढकलतो आणि पातं म्यानातून बोटभर सुटतं. लढाईची खरी सुरुवात या अंगठ्यानं होते, उजवा हात त्यानंतर मुठीकडे जातो. अंगठा सरकला आणि माणूस तसाच उभा राहिला, तर निवेदकानं आणि वादकांनी गप्प बसावं. चित्रीकरणात वापरायच्या तलवारी बहुतेक बांबूच्या, वर चंदेरी वर्ख. त्यांना ‘ताकेमित्सु’ म्हणतात. वर्ख उजेडात लखलखतो, पण पातं हलकं असल्यामुळे कच्चा नट ती काठीसारखी फिरवतो. बांदोच्या हातात ती जड वाटते. त्याच्या आधीच्या पिढीतल्या ओनोए मात्सुनोसुकेची झुंज काबुकी या जुन्या जपानी नाट्यप्रकारातल्या नाचाच्या अंगानं जायची. बांदो दमतो, ठेचकाळतो, भिंतीला टेकतो, आणि कॅमेरा त्याच्यासोबत धावतो.

वादकांसाठी थोडंसं. तिकडे शामिसेन (तीन तारांचं वाद्य), व्हायोलिन आणि ढोल एकत्र वाजायचे. आपल्याकडे हार्मोनियम, बासरी आणि एक तालवाद्य पुरे. झुंज आली की हलगी काढायचा मोह सातारा-सांगलीत कोणालाही होणार. काढावी, पण शेवटच्या झुंजीतही ती सलग वाजवू नये. ती झुंज कितीतरी मिनिटं चालते. हलगी दुसऱ्या मिनिटाला टिपेला पोचली तर पुढे चढायला जागा राहत नाही. काबुकीत पवित्र्याच्या क्षणी लाकडाचे ठोकळे फळीवर आपटतात. तसे दोन सागवानी ठोकळे घेऊन फक्त थांब्यांवर आघात द्यावा आणि हलगी मधल्या धावपळीपुरती ठेवावी. बांधून नेण्याच्या शेवटच्या दृश्यात वाद्य एकही नको. गर्दीच्या शिव्या निवेदकानं एकाच सुरात, कोणतीही भर न घालता म्हणाव्यात. त्या रंगवून म्हटल्या की लोक हसतात.

ज्यांना पूर्वरंगासाठी आपल्या इतिहासाची गाठ घालून द्यायची असेल त्यांनी ‘ओरोची’पेक्षा सत्तेचाळीस रोनिनांची गोष्ट घ्यावी. तिच्यावर जपानमध्ये मूकपट काळातच अनेक चित्रपट निघाले. धन्यानं १७०१ मध्ये एदोच्या (आजच्या टोकियोच्या) किल्ल्यात तलवार उपसली म्हणून त्याला पोट चिरून घ्यावं लागलं, आणि १७०३ च्या जानेवारीत त्याच्या माणसांनी बदला घेतला. तो धनी गेला त्याच्या वर्षभर आधी, १७०० च्या एप्रिलमध्ये, औरंगजेबाच्या वेढ्यानं साताऱ्याचा किल्ला पडला होता आणि राजाराम महाराज नुकतेच गेले होते. धनी गेल्यावर माणसांनी काय करायचं, हा प्रश्न तेव्हा दोन्हीकडे एकदमच उभा होता. तिकडची उत्तरं आणि इकडची उत्तरं वेगळी निघाली, आणि पूर्वरंग दहा मिनिटांत आटोपायचा असेल तर इतकंच पुरे.

आपले,
जुन्या चित्रपटांचे काही अभ्यासक
विश्रामबाग, सांगली

ता. क. लेखासोबतचं छायाचित्र उलटं छापलं गेलं आहे. त्यात तलवार उजव्या कमरेला दिसते. सामुराई डावखुरा असला तरी तलवार डावीकडेच लावायचा. शिवाय किमोनोची डावी बाजू उजवीवर यायला हवी. छायाचित्रात उजवी डावीवर आली आहे, आणि तसा किमोनो जपानमध्ये फक्त प्रेताला नेसवतात. पडद्यामागून चित्र टाकताना प्रोजेक्टरच्या मेनूत ‘रिअर’ निवडायचं राहिलं की नेमका हाच घोटाळा होतो. तेव्हा खेळ सुरू करण्याआधी पहिल्याच माणसाची छाती पाहून घ्यावी.